दुसऱ्या वर्षाचे हसू
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मी सातवी शिकलेली बाई. विद्वत्तेचे बोलणे मला साधणार नाही. परंतु विनोदी मालिका मी पुष्कळ पाहिल्या आहेत, आणि त्यांतून एक गोष्ट ध्यानात आली. मालिकेचे पहिले पर्व ओळख करून देण्यात जाते. खरा रंग भरतो तो बहुधा दुसऱ्यात.

याचे कारण आपल्या घरातच सापडेल. नवी सून आली की पहिले वर्ष तिचे बोलणे-चालणे पाहण्यात सरते. तेव्हाचे हसणे म्हणजे तिला हसणे. दुसऱ्या वर्षी तिचा स्वभाव कळलेला असतो. मग घर तिच्याबरोबर हसते. या दोन हसण्यांत फार अंतर आहे.

अमेरिकेतील ‘द ऑफिस’ ही मालिका माझ्या मुलाने मला समजावून दाखवली. २००५ सालच्या पहिल्या पर्वात अवघे सहा भाग, आणि त्यातला साहेब नुसता नकोसा. दुसऱ्या पर्वात बावीस भाग झाले. साहेबाचा वेडगळपणा तोच राहिला, पण तो मायेचा भुकेला आहे हे दिसू लागले. त्या पर्वाला २००६ साली तिकडचे मोठे एमी पारितोषिक मिळाले.

आपल्याकडे ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ २००१ पासून २००५ पर्यंत चालली. दिलीप प्रभावळकरांचे आबा डायरी घेऊन बसले की पुढे पुढे नुसत्या त्या बसण्यानेच हसू येई, कारण आबा आपल्या घरचे झाले होते. याउलट ‘दिल दोस्ती दुनियादारी’ पाहा. २०१५ सालच्या त्या मालिकेतील ‘माजघर’ सर्वांना आवडले. २०१७ साली ‘दिल दोस्ती दोबारा’ आली. नट बरेचसे तेच, पण पात्रे नवी, कथा नवी. म्हणजे ओळख पुन्हा पहिल्यापासून! त्यामुळे पूर्वीचा जिव्हाळा काही वाटला नाही.

आता आपल्या मंडळाचे. गेल्या हळदीकुंकवाला आपल्या नाटुकल्यात चाकणच्या कंपनीत जाणाऱ्या सुनेची धांदल दाखवली. सर्वजणी हसल्या, परंतु खरोखर कामाला जाणाऱ्या दोघी-तिघी मागे बसल्या होत्या, त्या हसल्या नाहीत. यंदा नवे नाटुकले घ्यावे असे काही भगिनी म्हणतात. माझी विनंती आहे की घर तेच ठेवावे. सून तीच, सासूही तीच. फक्त या खेपेला सासूबाईंनी पहाटे सुनेबरोबर कंपनीच्या गाडीची वाट पाहत रस्त्यावर उभे राहावे. गाडी कोणासाठी थांबत नाही, हे त्यांना एकदा कळू द्यावे. त्यातही विनोद पुष्कळ आहे, आणि तो लिहिताना त्या दोघी-तिघींना आधी विचारावे.

त्या मनमोकळ्या हसल्या, तर आपले दुसरे वर्ष पहिल्याहून सरस झाले असे मी समजेन.