रामघाट ते भेंडवळ : भविष्य विचारण्याच्या दोन रीती



उज्जैनच्या रामघाटावर क्षिप्रेत स्नान करून पायऱ्या चढून आलेल्या यात्रेकरूच्या मनात बहुधा दोन प्रश्न असतात. आपल्या घराण्यातले पूर्वी येथे कोण येऊन गेले, हा पहिला. त्यासाठी तीर्थोपाध्याय जुनी वही उघडतात आणि पणजोबांचे नाव वाचून दाखवितात. पुढे काय होणार, हा दुसरा. त्यासाठी मात्र कोणतीही वही नसते. कोणी पत्रिका उलगडतो, कोणी तळहात पुढे करतो.

हा दुसरा प्रश्न विचारायला उज्जयिनीसारखे दुसरे ठिकाण नाही, असा लोकांचा समज पूर्वापार आहे आणि त्याला आधारही आहे. प्राचीन भारतीय ज्योतिर्विदांनी आपली मध्यरेषा याच नगरीवरून कल्पिली. सवाई जयसिंहाने अठराव्या शतकात येथे वेधशाळा बांधली. पुढे ती मोडकळीस आली, तेव्हा १९२३ च्या सुमारास ग्वाल्हेरच्या शिंदे दरबाराने तिचा जीर्णोद्धार करविला. रामघाटावरचा सिंहस्थ हेही एका अर्थी भविष्यकथनच होय. गुरू सिंह राशीत परतण्यास सुमारे बारा वर्षे लागतात, म्हणून २०१६ नंतरचे पर्व २०२८ साली येणार हे आधीच सांगता येते. हे भविष्य गणिताचे आहे. यात्रेकरू जे विचारतो ते निराळे. मुलीचे लग्न, शेताचा वाद, यंदाचा पाऊस यांना गुरूसारखी ठरलेली कक्षा नाही.

या दोहोंतला भेद ज्याला पुरता ठाऊक होता आणि तरीही ज्याने दोन्हींवर ग्रंथ लिहिले, तो वराहमिहिर सहाव्या शतकात याच अवंती देशात झाला. त्याच्या ‘बृहत्संहिते’त आषाढी योगाचे प्रकरण आहे. आषाढी पौर्णिमेला निरनिराळी बियाणी सारख्या वजनाने तोलून, मंत्रपूर्वक रात्रभर ठेवावीत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तोलावीत. जे बीज वजनाने वाढले त्याचे पीक चांगले येणार, जे घटले ते बुडणार. याच तराजूत पावसासाठी पाणी आणि राजासाठी सोनेही तोलावे, असे तो सांगतो.

हे वाचताना वऱ्हाडातल्या श्रोत्याला भेंडवळ आठवल्याशिवाय राहणार नाही. बुलढाणा जिल्ह्यातील जळगाव जामोद तालुक्यातले हे गाव. अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी येथे शेतात घटमांडणी होते. चंद्रभान महाराजांनी ती सुमारे साडेतीनशे वर्षांपूर्वी सुरू केली, असे गावकरी सांगतात. अठरा प्रकारची धान्ये वर्तुळाकार मांडतात. मध्ये खड्डा करून पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळे ठेवतात आणि त्यांवर पाण्याने भरलेली घागर. घागरीवर पुरी, पापड, कुरडई इत्यादी पदार्थ असतात. पुरी ही पृथ्वीची खूण, पान-सुपारी ही राजाची. रात्री तिकडे कोणी फिरकत नाही. पहाटे दाणे किती हलले, ढेकळे किती भिजली हे पाहून पाऊस, पीक आणि राज्यकारभार यांचे भाकीत सांगितले जाते.

आषाढी योगातूनच घटमांडणी निघाली, असे म्हणण्यास पुरावा नाही. परंतु धान्य, पाणी, राजा आणि मध्ये एक रात्र, हा सांगाडा दोन्हीकडे एकच आहे. पेरणीपूर्वीची भीतीही एकच आहे. कोरडवाहू शेतकरी घरातले शेवटचे धान्य किंवा कर्जाने आणलेले बियाणे मातीत टाकतो. पावसाने ओढ दिली की दुबार पेरणीची वेळ येते. अशा वेळी एकट्याने भ्यायचे की गावासह एका घागरीभोवती बसून भ्यायचे, हा त्याच्यापुढचा प्रश्न असतो. घटमांडणीला शास्त्रीय आधार नाही, हा विवेकवाद्यांचा आक्षेप खराच आहे. दाणा वारा किंवा मुंग्याही हलवू शकतात. पण त्या पहाटे जमलेल्या माणसांची काळजी त्या आक्षेपाने मिटत नाही.

येथे पुन्हा वराहमिहिराकडे वळावे लागते. शास्त्र न शिकता दैवज्ञ म्हणविणाऱ्याला तो पापी म्हणतो. आकाशातील चिन्हे रात्रंदिवस पाहणे एकट्याचे काम नव्हे, म्हणून दैवज्ञाने आणखी चार जाणकार नेमून दिशा वाटून द्याव्यात, असे तो सुचवितो. बियाण्यांच्या तराजूवर त्याचाही विश्वास होता. तरीही सतत पाहत राहण्याचा आग्रह त्याने सोडला नाही. १८७५ साली स्थापन झालेल्या भारतीय हवामान खात्याचे अंदाजही चुकतात. परंतु तेथे मागच्या वर्षीचा अंदाज आणि प्रत्यक्ष पाऊस शेजारी शेजारी मांडून पाहता येतात. खरा फरक त्या नोंदीत आहे. जुळलेले भाकीत लोक वर्षानुवर्षे सांगत राहतात. न जुळलेले दिवाळीपर्यंत विसरले जाते.

शंभर वर्षांच्या ग्रंथालयाच्या सभासदांना नोंदीचे मोल वेगळे सांगायला नको. भेंडवळच्या प्रत्येक पहाटेचे भाकीत आणि त्या वर्षीचे पीक एका वहीत कोणी लिहीत गेले, तर श्रद्धावान आणि टीकाकार दोघांनाही ती वही उघडावी लागेल. त्यातून काय निघेल ते निघो. पणजोबांचे नाव शोधताना रामघाटावर जी वही उपयोगी पडते, तशीच एखादी पणतवंडांच्या पेरणीसाठीही असायला हवी.