गणवेश सभागृहात पोचला, मागणी दाराशीच राहिली



परिचारिकांच्या अशा संमेलनात स्वागताध्यक्षाने यजमान शहराची थोरवी गावी, जेवणाची वेळ सांगावी आणि खाली बसावे, अशी रीत आहे. थोरवी मी गाणार आहे, पण तिच्या आधाराने एक मुद्दाही मांडणार आहे. चेन्नईच्या सेंट्रल स्टेशनासमोरच्या जनरल हॉस्पिटलात 1871 मध्ये परिचारिकांचे प्रशिक्षण सुरू झाले. याच शहरात 27 एप्रिल 1918 रोजी मद्रास लेबर युनियन उभी राहिली. देशातली पहिली रीतसर कामगार संघटना म्हणून तिची नोंद होते. तिचे अध्यक्ष बी. पी. वाडिया हे मूळचे मुंबईचे पारशी गृहस्थ. दोनच वर्षांनी बकिंगहॅम गिरणीतल्या तंट्यात मालकांनी मद्रास हायकोर्टातून मनाई हुकूम आणला, नुकसानभरपाईचा दावा लावला आणि वाडियांना चळवळीतून अंग काढून घ्यावे लागले. हजारो कामगार पाठीशी होते, पण संघटना करणे हा गुन्हा नाही असे सांगणारा कायदाच नव्हता. मग 1921 मध्ये केंद्रीय विधिमंडळात ना. म. जोशींनी कामगार संघटनांना संरक्षण देणारा कायदा करावा असा ठराव मांडला आणि 1926 मध्ये ट्रेड युनियन कायदा झाला. लढा मद्रासचा होता आणि सभागृहातला आवाज कोकणातल्या एका मराठी माणसाचा. दोन्ही एकत्र आले तेव्हा कुठे काम झाले. परिचारिकांच्या बाबतीत ही जोड अजून जमलेली नाही, एवढेच मला सांगायचे आहे.

आपल्यातली परिचारिका राजकारणात गेलीच नाही, असे नाही. किशोरी पेडणेकर आधी परिचारिका होत्या. शिवसेनेच्या महिला आघाडीतून त्या नगरसेविका झाल्या आणि नोव्हेंबर 2019 मध्ये मुंबईच्या महापौर. करोनाच्या पहिल्या लाटेत, 27 एप्रिल 2020 रोजी (तारीख पुन्हा तीच, निव्वळ योगायोग), त्यांनी पांढरा गणवेश चढवला आणि नायर रुग्णालयात जाऊन परिचारिकांना धीर दिला. काहींनी त्याला देखावा म्हटले. मला ते म्हणणे उथळ वाटते. ज्या दिवसांत लोक रुग्णालयाच्या रस्त्यालाही फिरकत नव्हते, त्या दिवसांत महापौराने तिथे गणवेशात जाणे ही साधी गोष्ट नव्हती. पण मुंबई महापालिकेचे कार्यकारी अधिकार आयुक्तांकडे असतात, महापौराकडे नाहीत. शिवाय पेडणेकर त्या पदावर पोचल्या त्या पक्षाच्या वाटेने. परिचारिकांच्या संघटनेने त्यांना पाठवले नव्हते. त्यामुळे गणवेशाला मान मिळाला, पण रिकाम्या जागा आणि कंत्राटी भरती हे प्रश्न जिथल्या तिथे राहिले. मे 2022 मध्ये महाराष्ट्रातल्या शासकीय परिचारिकांना बाह्यस्रोतातून होणाऱ्या भरतीविरुद्ध संपावर जावेच लागले.

याच्या उलट, आपल्या संघटनांची ताकद कमी आहे असेही नाही. अरुणा शानबाग हे नाव घेतले की आपल्याला इच्छामरणाचा खटला आठवतो. परिचारिकांनी तो इतिहास वेगळ्या अंगाने वाचायला हवा. अरुणा स्वतः मुंबईच्या केईएम रुग्णालयात परिचारिका होती. नोव्हेंबर 1973 मध्ये तिथेच तिच्यावर हल्ला झाला आणि ती कायमची खाटेला खिळली. तेव्हा मुंबईतल्या परिचारिका संपावर गेल्या. ऐंशीच्या दशकात महापालिकेने खाट मोकळी करण्यासाठी तिला बाहेर हलवायचे ठरवले, तेव्हा परिचारिकांनी विरोध केला आणि महापालिकेला माघार घ्यावी लागली. 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिच्या वतीने बोलण्याचा हक्क केईएमच्या कर्मचाऱ्यांचा मानला, याचिका करणाऱ्या लेखिकेचा नव्हे. नातेवाईक नसलेल्या, फक्त ड्यूटी करणाऱ्या माणसांना न्यायालयाने एका रुग्णाचे जवळचे माणूस ठरवले. परिचारिका संपावर गेल्या की रुग्णाचे हाल होतात, हा आपल्यावरचा सर्वांत जुना आक्षेप. तो खोटा नाही. हाल होतात. पण बेचाळीस वर्षे एका रुग्णाची खाट ज्यांनी सांभाळली, त्यांतल्याच परिचारिकांनी त्या खाटेसाठी आंदोलनही केले होते, हेही विसरता येत नाही.

आणि संपाचे हत्यार उचलावे का लागते? चेन्नईत नोव्हेंबर 2017 मध्ये तेनामपेटच्या वैद्यकीय सेवा संचालनालयाच्या (डीएमएस) आवारात कंत्राटी परिचारिका ठिय्या देऊन बसल्या. महिन्याला मिळत होते सुमारे 7,700 रुपये. हायकोर्टाने त्यांना कामावर परतायला सांगितले. वाडियांच्या वेळी मालक कोर्टात गेले होते, या वेळी समोर सरकार होते, एवढाच फरक. सभागृहात ज्याचे कुणी नाही त्याला रस्त्यावर बसावे लागते आणि रस्त्यावरून उठवायला कोर्ट असतेच. दुसरीकडे, ऑस्ट्रेलियातल्या गेड कर्नी याही परिचारिकाच होत्या. पुढे त्या परिचारिकांच्या राष्ट्रीय संघटनेच्या सचिव झाल्या, मग देशभरातल्या कामगार संघटनांच्या महासंघाच्या अध्यक्ष आणि 2018 मध्ये खासदार. त्यांच्या व्हिक्टोरिया राज्यात किती रुग्णांमागे किती परिचारिका हव्यात हे 2015 पासून कायद्याने ठरलेले आहे. तो कायदा कर्नींनी एकटीने आणला असे कुणी म्हणणार नाही. तो संघटनेच्या पंधरा वर्षांच्या रेट्याचे फळ आहे. पण जिथे संघटनेतून सभागृहाकडे जाणारी वाट चालती असते, तिथे असे कायदे होतात.

यावर केरळचे उदाहरण दिले जाईल. 2018 मध्ये तिथल्या खासगी रुग्णालयांतल्या परिचारिकांनी संघटनेच्या बळावर 20,000 रुपयांचे किमान वेतन मिळवले, मग आमदारकी हवी कशाला? उदाहरण बिनतोड आहे, पण अर्धे. किमान वेतन अधिसूचनेने देता येते. रुग्णांमागे परिचारिकांचे प्रमाण किंवा कंत्राटी पद्धतीवरचे बंधन यांना कायदा लागतो. दुसरा आक्षेप अधिक टोचणारा आहे: निवडून गेलेली सिस्टर आपली राहत नाही, पक्षाची होते. होईल. व्हिप तिलाही पाळावा लागेल. म्हणूनच तिच्यामागे अशी संघटना हवी, जी तिला प्रश्न विचारू शकेल. पक्षाने उचललेल्या परिचारिकेला असा जाब विचारायला कुणी नसते.

खरी अडचण नियमांची आहे. सेवानियम शासकीय परिचारिकेला राजकारणाची मनाई करतात. निवडणूक लढवायची तर राजीनामा द्या. घर चालवणारी अधिपरिचारिका हा जुगार खेळेल कशी? शिक्षकांचे पाहा. संविधानाच्या कलम 171 ने विधान परिषदेत त्यांना स्वतःचे मतदारसंघ दिले आणि महाराष्ट्रात अशा सात जागा आहेत. तमिळनाडूत 1986 पासून विधान परिषदच नाही, त्यामुळे इथल्या भगिनींना ती वाटही बंद. शिक्षकांची जागा घ्या असे मी म्हणत नाही. सेवेत असलेल्या परिचारिकेला निवडणुकीसाठी बिनपगारी रजा आणि हरल्यास परत कामावर रुजू होण्याचा हक्क मिळावा का, हा प्रश्न मात्र आजच्या पहिल्या सत्रात चर्चेला यावा, अशी स्वागत समितीची विनंती आहे. मसुदा प्रतिनिधींच्या फाइलीत आहे, त्यात दुरुस्त्या सुचवायला दुपारपर्यंत वेळ आहे.