ससुई, पुन्हू आणि त्याचे भाऊ



मी सातवी शिकलेली. पण उल्हासनगरात सिंधी शेजार लाभला, त्यामुळे एक प्रेमकथा ऐकून ऐकून पाठ झाली, तीच सांगते. १९४७ नंतर कल्याणच्या लष्करी छावणीत आलेल्या निर्वासितांची घरेदारे मागे राहिली, पण ससुई-पुन्हूची ही कथा त्यांच्याबरोबर आली. शाह अब्दुल लतीफ (१६८९–१७५२) या सिंधी कवीच्या ‘शाह जो रिसालो’त एकट्या ससुईवर पाच सूर आहेत.

ससुई ही भंभोरच्या धोब्याने वाढविलेली मुलगी. केच-मकरानचा राजपुत्र पुन्हू तिच्यावर भाळला. धोब्याने अट घातली, की जावई धोबीच पाहिजे. बिचारा राजपुत्र घाटावर बसला. कपडे धुताना फाटले, तेव्हा लोकांनी ओरडू नये म्हणून त्याने घड्यांत मोहरा ठेवल्या. (असा परीट आपल्या आळीत असता, तर आपण हौसेने लुगडी फाडून घेतली असती!) लग्न झाले. ते कळताच वडिलांनी पुन्हूच्या भावांना धाडले. ते पाहुणे म्हणून आले, जेवले, पुन्हूला दारू पाजली आणि रात्री उंटावर घालून घेऊन गेले. सकाळी ससुई डोंगर तुडवीत एकटी निघाली. वाटेत एका धनगराची नजर वाईट दिसली, तेव्हा तिने धरणीला हाक घातली. आपल्या सीतामाईसारखीच ती पोटात गेली; ओढणीचे टोक तेवढे वर राहिले. पुन्हू सुटून मागे आला, तोही तेथेच गडप झाला.

नवरा गेला तेव्हा ती झोपली होती, असा ठपका कवी ठेवतो. मला तो पटत नाही. पाहुण्यांचे रांधून, वाढून, खरकटे आवरून पडलेली बाई जागी कशी राहणार? भाऊही दुष्ट नव्हते हो. त्यांना आपला भाऊ हवा होता, घराण्याचे नाव हवे होते. पण धोब्याने अट घातली ती तोंडावर, दिवसाउजेडी. भावांनी पुन्हूला विचारलेच नाही.

आजी अत्यवस्थ आहे असे सांगून मुलीला गावी न्यावयाचे आणि तेथे तिचा फोन काढून घ्यावयाचा, हे आपल्या अंबरनाथ-बदलापूरकडेही झालेले मला ठाऊक आहे. हेही उंटच म्हणावयाचे.

माझ्या थोरलीने परजातीतला मुलगा सांगितला आहे. मला तो अजून पसंत नाही. येत्या रविवारी दीर-जाऊबाई त्याच बोलण्यासाठी यावयाचे आहेत. मुलालाही त्याच वेळी चहाला बोलाविले आहे.