शाफ्ट थांबल्यावरच खाली उतरा
(रुग्णालयाच्या वार्षिक सभेत प्रशासकीय अधिकाऱ्यांनी केलेले भाषण)



वर्षाचा जमाखर्च आपणांसमोर सादर झालाच आहे. ताळेबंदाच्या कोणत्याही रकान्यात न बसणाऱ्या एका बाबीविषयी चार शब्द बोलण्याची अनुमती घेतो.

गेल्या वर्षी सोयाबीनच्या मळणीच्या दिवसांत, एका सायंकाळी, चाळिशीतील एक शेतकरी आपल्या अपघात विभागात दाखल झाले. उजवा हात कोपराखाली तुटला होता. आभाळ भरून आलेले, गंजी उघडी आणि मळणीयंत्रात ओला पाला अडकलेला. पुतण्याने ट्रॅक्टरचे इंजिन मंद केले आणि काका शाफ्टवरून वाकून पाला ओढू लागले. सदऱ्याची बाही शाफ्टच्या सांध्यात अडकली. इंजिन मंद झाले होते; पी.टी.ओ. बंद झाला नव्हता.

प्राण वाचले. पुढे बिलातील सवलतीच्या अर्जावर सही करण्यासाठी त्यांनी डावा हात पुढे केला. सही जमेना. अखेर बारावी शिकलेल्या त्या गृहस्थांचा अंगठा घ्यावा लागला. सवलत मी मंजूर केली, परंतु तो कागद फाईलला लावताना माझे मन अस्वस्थ झाले.

मी वाणिज्य शाखेचा पदवीधर. यंत्राचे ज्ञान मला नव्हते. ते जाणकारांकडून समजून घेतले. ट्रॅक्टरच्या मागील बाजूस असणारा हा फिरता दांडा रोटाव्हेटर, मळणीयंत्र, फवारणीचा ब्लोअर यांना शक्ती पुरवितो. त्याची प्रमाणित गती मिनिटाला ५४० फेरे, म्हणजे सेकंदाला ९. इंजिन मंद केले तरी तो सेकंदाला तीन-चार फेरे घेतच राहतो. बाही, धोतराचा सोगा, पदर किंवा उपरणे एकदा गुंडाळले गेले की हात मागे घेण्यास अवधी उरत नाही.

म्हणून क्रम ध्यानी ठेवावा. प्रथम इंजिनाची गती कमी करावी. मग क्लच पूर्ण दाबावा. दुहेरी क्लचच्या ट्रॅक्टरमध्ये अर्धा दाबल्यास केवळ चाके थांबतात, पी.टी.ओ. फिरतच राहतो. क्लच दाबलेला असतानाच पी.टी.ओ.ची लिव्हर न्यूट्रलला आणावी. पी.टी.ओ.ला स्वतंत्र क्लच असेल तेथे ट्रॅक्टरच्या पुस्तिकेप्रमाणे करावे. गिअर न्यूट्रलला घेऊन हँडब्रेक लावावा, उचललेले अवजार जमिनीवर टेकवावे. इंजिन बंद करून किल्ली खिशात ठेवावी, म्हणजे दुसरे कोणी ते अनवधानाने सुरू करणार नाही. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे थांबावे. मळणीयंत्राचे जड चाक व ड्रम स्वतःच्या वेगाने काही काळ फिरतच असतात. शाफ्ट पूर्ण स्थिर झालेला डोळ्यांनी पाहिल्यावरच जवळ जावे. शाफ्ट ओलांडून कधीही जाऊ नये; त्यावरील संरक्षक आवरण काढून ठेवू नये.

तरीही दुर्दैव ओढवलेच, तर प्रथम इंजिन बंद करावे. जखमेवर स्वच्छ कापडाने घट्ट दाब द्यावा व १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. तुटलेला अवयव ओल्या स्वच्छ कापडात गुंडाळून प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद करावा आणि ती पिशवी बर्फात ठेवावी. अवयवास बर्फाचा थेट स्पर्श होऊ देऊ नये.

मळणीयंत्रांच्या अपघातांमुळेच १९८३ साली धोकादायक यंत्रांच्या नियमनाचा केंद्रीय कायदा झाला. कायदा आपल्या जागी आहे. परंतु खळ्यावर, अंधार पडताना आणि पाऊस तोंडावर आलेला असताना, माणसाजवळ असते ती केवळ त्याची सवय.

येथे एक कबुली देतो. हेच गृहस्थ काही महिन्यांनी मला भेटले व म्हणाले, "साहेब, मळणीच्या आधी गावोगावच्या पोरांना मी स्वतः सांगतो. फक्त एक ट्रॅक्टर आणि मंडप द्या." मी उत्तरलो, "या खर्चाला आपल्याकडे शीर्ष नाही." ते काही न बोलता उठले. त्या रात्री मला झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी मीच त्यांना दूरध्वनी केला.

या हंगामापूर्वी आपल्याच आवारात ते प्रात्यक्षिक झाले. पुतण्या ट्रॅक्टरवर बसला होता. त्याने लिव्हर न्यूट्रलला आणली, इंजिन बंद केले, किल्ली काकांच्या डाव्या हातात दिली. शाफ्ट थांबेपर्यंत काका मोठ्याने आकडे मोजीत राहिले. जमलेल्या तरुणांतून कोणी चकार शब्द काढला नाही.

देणगीदारांस माझी नम्र विनंती आहे. शल्यगृहासाठी आपण सढळ हाताने देत आला आहात. त्यातील थोडा वाटा शाफ्टच्या आवरणांसाठी आणि अशा प्रात्यक्षिकांसाठी राखून ठेवू द्यावा. या खर्चाचे शीर्ष मी आता उघडले आहे. आणि येथे बसलेल्या कुटुंबीयांस एवढेच सांगतो, की पाऊस आला तर धान्य भिजेल, त्याचे नुकसान मोजता येईल. परंतु शाफ्ट थांबेपर्यंत वाट पाहा.