लीझेलोटे पुल्फरचें हास्य

युद्धांत हरलेल्या राष्ट्राला हंसूं येतें का, आणि आलेंच तर तें कोणाच्या तोंडून? १९४५ नंतरच्या जर्मन बोलपटांपुढें हा प्रश्न उभा होता. त्याचें एक उत्तर शेजारच्या देशांतून आलें. लीझेलोटे पुल्फर ही नटी १९२९ सालीं स्वित्झर्लंडमधील बर्न येथें जन्मली. युद्धापासून अलिप्त राहिलेल्या देशांत ती वाढली. तिच्या मोकळ्या, खळखळत्या हास्यावर नाझी राजवटीच्या बारा वर्षांची छाया नव्हती. जर्मन प्रेक्षकांनीं तिला आपलेंसें केलें, त्याचें एक कारण हेंच असावें.

१९५५ सालीं दिग्दर्शक कुर्ट होफमान यानें 'इश डेंके ओफ्ट आन पिरोश्का' हा चित्रपट काढला. हंगेरीच्या माळरानावर एका लहानशा स्टेशनांत स्टेशनमास्तरची मुलगी राहते. सुटींत आलेला जर्मन विद्यार्थी तिच्या प्रेमांत पडतो. कथा एवढीच. गांवाचें नांव मात्र असें लांबलचक कीं, तें उच्चारतांना परक्याची बोबडी वळावी! पण या गमतीखालीं एक हुरहूर आहे. एक प्रौढ गृहस्थ ही हकीकत आठवणींतून सांगतो; आणि त्या आठवणींतला हंगेरी देश १९५५ सालीं पोलादी पडद्याआड गेला होता. चित्रणही युगोस्लाव्हियांत करावें लागलें.

१९५८ च्या 'दास विर्ट्सहाउस इम श्पेसार्ट' मध्यें ती उमराव घराण्यांतील तरुणी झाली आणि पुरुषवेष घेऊन दरोडेखोरांच्या टोळींत शिरली. ही धिटाई तिला इतकी शोभली कीं, निर्माते तीच पुन्हां पुन्हां मागूं लागले. नटीला असें यश म्हणजे अलंकार खरा, पण बेडीही.

ती बेडी त्याच वर्षीं घटकाभर सुटली. रेमार्कच्या कादंबरीवरील अमेरिकन चित्रपटांत, बाँबनें उद्ध्वस्त झालेल्या शहरांत रजेवर आलेल्या शिपायाशीं लग्न करणारी एलिझाबेथ तिनें रंगविली. दिग्दर्शक डग्लस सर्क नाझी जर्मनी सोडून गेलेला. त्याचा एकुलता मुलगा १९४४ सालीं पूर्व आघाडीवर पडला होता. या भूमिकेंत पुल्फर क्वचितच हंसते, आणि म्हणूनच त्या हास्याचें मोल कळतें.

पुढें १९६१ सालीं बिली वाइल्डरनें बर्लिनच्या फाळणीवरच प्रहसन रचलें, 'वन, टू, थ्री'. त्यांत कोका-कोलाच्या व्यवस्थापकाची चिटणीस इंगेबोर्ग ही भूमिका तिची. रशियन अधिकाऱ्यांपुढें टेबलावर चढून तिनें केलेला नाच विलक्षण आहे. परंतु चित्रण चालू असतांनाच १३ ऑगस्टला शहरांत भिंत उभी राहूं लागली. मंडळींना म्यूनिकला जाऊन ब्रांडेनबुर्ग वेशीची प्रतिकृति उभारावी लागली. डिसेंबरांत चित्रपट झळकला तेव्हां भिंतीपाशीं माणसें मरत होतीं. जर्मन प्रेक्षकांनीं त्याकडे पाठ फिरविली. १९८५ सालीं तो पुन्हां दाखविण्यांत आला, तेव्हां मात्र पश्चिम बर्लिनमधील लोक तो पाहून पोट धरधरून हंसले. भिंत तेव्हांही उभीच होती.