भूजलाचा कायदा आणि शासनाचा खर्च

महाराष्ट्राच्या भूभागापैकी ८० टक्क्यांहून अधिक भाग लाव्ह्यापासून बनलेल्या बेसॉल्ट या काळ्या खडकाने व्यापलेला आहे आणि राज्याच्या भूजलधोरणाचा कोणताही विचार या खडकाच्या स्वभावापासूनच सुरू करावा लागतो. गंगेच्या मैदानात गाळाचे जाड थर फार खोलवर पाणी साठवून ठेवतात. बेसॉल्टमध्ये मात्र पाणी राहते ते वरच्या मुरमात, झिजलेल्या मांजऱ्या खडकात आणि कातळाच्या भेगांमध्ये. भूशास्त्रात ज्याला जलधर म्हणतात, म्हणजे पाणी साठवणारा आणि वाहू देणारा खडकाचा थर, तो दख्खनच्या पठारावर बहुधा उथळ, आटोपशीर आणि गावागणिक बदलणारा असतो. पाऊस बरा झाला तर एका पावसाळ्यात तो भरतो आणि उपशाला आवर नसला तर माघ-फाल्गुनातच रिता होतो. भूजल ही येथे पिढ्यांची ठेव नसून बहुतांशी त्या त्या वर्षाची मिळकत आहे, आणि राज्यातील सिंचनाचा निम्म्याहून मोठा भार याच मिळकतीवर आहे.

या मिळकतीची वाटणी कशी होते, हा प्रश्न म्हणूनच न्यायाचा आहे. उघडी विहीर वरच्या थरातील पाणी घेते, तर विंधन विहीर, म्हणजे बोलीभाषेतला बोअर, खोलवरच्या भेगांपर्यंत पोहोचते; परंतु त्या भेगांतले पाणीही बरेचदा वरूनच पाझरलेले असल्यामुळे एकाचा बोअर चालू झाला की शेजारच्या विहिरीची पातळी खालावते. मग शेजारीही बोअर घेतो, विहिरीच्या तळातून आडवे बोअर मारले जातात, आणि ज्याच्याकडे पैसा किंवा पत आहे तो अधिकाधिक खोल जातो. ज्याच्याकडे दोन्ही नाही, त्याची विहीर कोरडी पडते आणि कोरड्या निघालेल्या बोअरचे कर्ज मात्र फेडावेच लागते. चढाओढीचा शेवटचा फटका बसतो तो गावच्या सार्वजनिक विहिरीला, आणि टँकरच्या रांगेत उभे राहण्याचे काम प्रामुख्याने बायकांच्या वाट्याला येते.

ज्याची जमीन त्याचे तिच्या खालचे पाणी, ही समजूत केवळ लोकरूढी नाही. १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याने, म्हणजे एकाच्या जमिनीच्या संदर्भात दुसऱ्याला असलेल्या हक्कांचे नियमन करणाऱ्या कायद्याने, निश्चित प्रवाहात न वाहणारे भूगर्भातील पाणी आपल्या हद्दीत घेण्याचा जमीनधारकाचा हक्क मान्य केला. जमिनीखालचे पाणी बांधावर थांबत नाही, हे त्या काळच्या विधिशास्त्राने विचारात घेतले नव्हते. स्वतंत्र भारताच्या राज्यघटनेने पाणी हा विषय मुख्यतः राज्यसूचीत ठेवला, त्यामुळे ही जुनी चौकट बदलण्याची जबाबदारी राज्य सरकारवर आली, आणि महाराष्ट्राने ती कायद्याच्या पातळीवर टाळलेली नाही. १९९३ च्या कायद्याने पिण्याच्या पाण्याच्या सार्वजनिक स्रोतापासून ५०० मीटरच्या आत नवी विहीर घेण्यावर निर्बंध आणले. पुढे विधिमंडळाने महाराष्ट्र भूजल (विकास व व्यवस्थापन) अधिनियम, २००९ संमत केला आणि तो २०१४ साली अमलात आला. या कायद्यात ६० मीटरपेक्षा खोल विहिरींवर निर्बंध आहेत, विहिरींची नोंदणी आहे आणि पाणलोट, म्हणजे ज्या क्षेत्रातले पावसाचे पाणी एकाच ओढ्यानाल्याकडे वाहत येते ते क्षेत्र, हा घटक धरून नेमायच्या समित्यांची तरतूदही आहे. कागदावर हा देशातील प्रगत कायद्यांपैकी एक म्हणावा लागेल. मात्र रात्रीतून उभे राहणारे बोअरचे यंत्र थांबवील असा माणूस या कायद्याने तालुक्याला दिला नाही.

कायदा उपसा कमी करू पाहत असताना शासनाचा पैसा मात्र उलट दिशेने वाहत आला, आणि अपयशाचे खरे कारण तेथे आहे. कृषिपंपांना दीर्घकाळ मीटरऐवजी अश्वशक्तीवर आकारणी होत आली, म्हणजे पंप तासभर चालवला काय किंवा रात्रभर चालवला काय, देयक तेवढेच. २००४ साली मोफत विजेची घोषणा झाली आणि वर्षभरातच ती मागे घ्यावी लागली. २०२४ पासून ७.५ अश्वशक्तीपर्यंतच्या पंपांना पुन्हा मोफत वीज देण्यात आली. शेततळ्यांचे उदाहरण तर अधिकच बोलके आहे. पावसाचे पाणी अडवून कोरडवाहू पिकाला एकदोन पाळ्या देता याव्यात, या उत्तम हेतूने शेततळ्यांना अनुदान मिळाले, पण प्लास्टिकचे अस्तर लावलेली अनेक तळी प्रत्यक्षात विहिरी आणि बोअरच्या पाण्याने भरली गेली. सर्वांच्या जलधरातील पाणी अशा रीतीने एकाच्या खासगी तळ्यात आले आणि तेथे उन्हाने आटत राहिले.

सौर पंपांच्या बाबतीत हाच धोका नव्या रूपात समोर येतो. शेतकऱ्याला रात्री-अपरात्री रानात जावे लागू नये, ही मागणी सर्वस्वी न्याय्य आहे. तथापि स्वतंत्र सौर पंपाला सूर्य असेपर्यंत चालण्याला काहीच खर्च येत नाही, तर गावची वाहिनीच सौरऊर्जेवर आणली असता दिवसाची वीजही मिळते आणि पुरवठ्याचे तासही ठरवता येतात. म्हणून जेथे पाणी आधीच अतिउपशाने खालावले आहे, तेथे दुसऱ्या मार्गाला प्राधान्य मिळायला हवे होते.

या अतिउपशाचा दोष शेतकऱ्याच्या माथी मारणे अन्यायाचे आहे. उसाला कायद्याने ठरलेला रास्त व किफायतशीर दर आहे आणि तो घेणारा कारखाना आहे. ज्वारी, तूर, करडई यांचा आधारभूत भाव जाहीर होतो, पण त्या भावाने खरेदी होईलच याची खात्री नसते. अशा स्थितीत ज्याला पाणी लागले तो ऊसच लावणार.

निराळी वाट अशक्य नाही, हे याच राज्याने दाखवले आहे. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पुरंदर तालुक्यातील नायगाव येथून पाणी पंचायतीचा प्रयोग सुरू केला. त्यात पाण्याचा वाटा जमिनीच्या एकरांवर न ठरता कुटुंबातील माणसांवर ठरला, भूमिहीनांचाही हक्क मानला गेला आणि ऊस वर्ज्य झाला. अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजारने पोपटराव पवार यांच्या नेतृत्वाखाली शेतीसाठी बोअर न घेण्याचा नियम पाळला आणि पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद मांडून पिके ठरवण्याची पद्धत रुजवली. या गावांचे कौतुक पुष्कळ झाले, परंतु जलधर शेजारच्या गावाशी सामाईक असेल तर एका गावाचा संयम दुसऱ्याच्या पंपापुढे टिकत नाही. संयमी गावाच्या पाठीशी उभे राहण्यासाठी तर शासनाची गरज असते.

त्यासाठी लागणारी मोजमापाची व्यवस्था उपलब्ध आहे. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा दीड हजारांहून अधिक पाणलोटांचा अभ्यास करते आणि निरीक्षण विहिरींच्या पातळ्या नियमितपणे नोंदवते. वार्षिक उपलब्धतेच्या तुलनेत उपसा किती, यावरून क्षेत्रे सुरक्षित, अंशतः शोषित, शोषित आणि अतिशोषित अशी ठरतात. उपसा १०० टक्क्यांवर गेला की क्षेत्र अतिशोषित. आज हे वर्गीकरण मुख्यतः अहवालात राहते. ते अर्थसंकल्पाशी जोडले पाहिजे: अतिशोषित पाणलोटात नव्या पंपाला व अस्तराच्या तळ्याला अनुदान नको, तोच पैसा भरड धान्य आणि कडधान्यांच्या हमखास खरेदीकडे वळावा, आणि रब्बीच्या पेरणीपूर्वी निरीक्षण विहिरीची पातळी ग्रामसभेत वाचून त्यातून आधी माणसांचे व जनावरांचे उन्हाळ्यापर्यंतचे पाणी वेगळे काढल्यावरच पिकांचा हिशेब मांडला जावा. यासाठी नवा कायदा करावा लागत नाही. ५०० मीटरचा निर्बंध १९९३ पासून आहे, आणि ज्या गावांची पिण्याची विहीर दर उन्हाळ्यात आटते तेथपासून त्याची अंमलबजावणी येत्या हंगामातही सुरू करता येईल.