हसू कोणाचे, हसे कोणाचे?

(सीब येथील वार्षिक स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



पोटापाण्यासाठी समुद्रकाठच्या या सीब गावी आलेली आपली कुटुंबे शुक्रवारी एकत्र जमतात, तेव्हा गावाकडच्या गोष्टी निघतात आणि घर हास्याने भरून जाते. परंतु त्यांतील कोणत्या गोष्टी आपण मुलांना सांगतो आणि कोणत्या गाळतो? हा प्रश्न आमच्यापुढे उभा केला तो 'फँड्री' या चित्रपटाने.

सोलापूर जिल्ह्यातील जेऊरचे, वडार समाजात वाढलेले नागराज मंजुळे यांनी 'पिस्तुल्या' या लघुपटानंतर २०१३ साली हा पहिला मोठा चित्रपट केला. पदार्पणातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला लाभला. फँड्री म्हणजे कैकाडी भाषेत डुक्कर.

आम्ही उभयतांनी तो मुलांसह पाहिला. नाक सरळ व्हावे म्हणून त्याला चिमटा लावणारा जब्या, शालूसाठी काळ्या चिमणीमागे रानोमाळ धावणारा जब्या पाहून आम्ही सारेच पोट धरून हसलो. पुढे जब्याचे कुटुंब डुकरे पकडू लागते. डुक्कर हाती येणार तोच शाळेत राष्ट्रगीत सुरू होते; जब्या स्तब्ध उभा राहतो, घरची माणसेही थांबतात आणि डुक्कर मात्र निघून जाते! तेथेही हसू आले, पण ते ओठांवरच थिजले. कारण पडद्यावर सारा गावही त्यांना हसत होता.

"बाबा, ती माणसे का हसतात?" धाकट्या मुलीने विचारले. आम्ही निरुत्तर झालो. गावची नदी, जत्रा, आमराई हे सारे आम्ही तिला सांगितले होते. आपले घर गावाच्या कोणत्या बाजूला होते, एवढेच सांगितले नव्हते.

त्या रात्री प्रथमच आजोबांची हकीकत सांगितली. नव्या चपला घेतल्या तरी गावातून जाताना त्या हातात धराव्या लागत. आजोबा म्हणत, "आमच्या पायांपेक्षा हातांनाच चपलांची सवय जास्त!" आणि स्वतःच खळखळून हसत. मुलगी हसली, मग गप्प झाली. थोड्या वेळाने तिने विचारले, "मग त्यांनी त्या पायांत कधी घातल्या?" तेव्हा १९५६ ची गोष्ट सांगणे सोपे झाले.

बंधुभगिनींनो, दुसऱ्याने आपले हसे करणे वेगळे आणि आपण आपल्या दुःखाला हसणे वेगळे. पहिल्याने मान खाली जाते, दुसऱ्याने ती वर उठते. आंबेडकरी जलशांतील बतावणीने आपल्या वाडवडिलांना हसवता हसवताच जागे केले होते. मंजुळे यांच्या चित्रपटात तोच वारसा आम्हांला दिसतो. शेवटी जब्याने भिरकावलेला दगड थेट प्रेक्षकाच्या दिशेने येतो; तो आपल्या मौनावरही आहे.

लाजेने झाकलेला इतिहास मुलांना परका होतो. तो त्यांना सांगू या, त्यातील अश्रूंसह आणि त्यातील हसण्यासह.

जयभीम! नमो बुद्धाय!